वेशीची आंघोळ

"म्याडम, एक बी दगड सोडला न्हाई," वॉचमन मला अभिमानानं सांगत होता. "समद्यांना तेल लावलं, उटनं लावलं, कढत पान्यानं काथ्यानं घासलं. पानी मीच तापवलं."

भाऊबीज उरकून मी दुसऱ्या दिवशी साइटवर आले होते. समोर शाळेच्या मैदानावर गावाच्या वेशीचे दगड मांडलेले होते. काळेभोर, चकचकीत. प्रत्येक दगडावर कुंकवाचं बोट, कडेनं रांगोळी. सगळ्या मैदानाला उटण्याचा वास येत होता. दिसत नव्हती ती एकच गोष्ट. मी स्वतः उन्हात बसून प्रत्येक दगडावर घातलेला नंबर.

"नंबर कुठे गेले?" मी विचारलं.

"कसले नंबर? ते पांढरं लागलं हुतं ते? ते निघंना लवकर म्याडम. बायांनी लई घासलं, तवा निघालं."

मी तिथंच एका दगडावर बसले. वॉचमन म्हणाला, "उठा, तेल लागंल साडीला."

आता जरा मागून सांगते. मी कन्झर्वेशन आर्किटेक्ट आहे. लोकांना हे सांगितलं की ते विचारतात, "म्हणजे इंटीरियर का?" नाही. जुनी बांधकामं पडू न देणं आणि पडायलाच आली तर एकेक दगड सोडवून जशीच्या तशी पुन्हा उभी करणं, हा माझा धंदा. घर नगरला, ऑफिस पुण्याला, आणि मुक्काम साइटवर. जिल्ह्याचं नाव बदललं, पाट्या बदलल्या, माझी जीभ अजून नगरच म्हणते. हे गाव पारनेर तालुक्यातलं. त्याचं नाव मी सांगणार नाही, कारण मला पुढच्या यात्रेलाही तिथं जेवायला जायचं आहे.

वेस म्हणजे गावात शिरायचा जुना दगडी दरवाजा. दार कधीच गेलेलं, कमान उरलेली. ही वेस चांगली जाड होती. कमानीखालून आत शिरलं की छोटा बोळ लागायचा, दोन्ही अंगांना दगडी भिंती, मग गाव. एका पावसाळ्यात कांद्यानं भरलेला ट्रक बोळात शिरताना कमानीला घासला आणि वेस एका बाजूला कलली. ड्रायव्हर पळून गेला. कांदे गावानं वाटून घेतले. वेस तशीच तिरकी उभी राहिली.

सरपंच बाळासाहेबांना ही संधी वाटली. माणूस चाळिशीच्या आतला, हुशार आणि कामाचा. गावात पाणी आणलं, शाळेला पत्रे आणले. फक्त दोन नाद. एक फोनचा आणि दुसरा फ्लेक्सचा. त्याच्या वाढदिवसाला वेशीवर इतके फ्लेक्स लागायचे की वेस शोधावी लागायची. त्याला तिथं आरसीसीची स्वागत कमान हवी होती. उंच, रुंद, वर लाइटिंग, मध्ये नेत्यांचे फोटो आणि कडेला स्वतःचा.

ग्रामसभेत गाव दोन्हीकडं बोललं. ट्रक जायला पाहिजे हेही सगळ्यांना पटत होतं, आणि वेस पाडायची म्हटलं की सगळे गप्पही बसत होते. शेवटी वेशीच्या शेजारून ट्रकला वेगळा रस्ता काढायचा आणि वेस सोडवून परत बांधायची, असं ठरलं. त्यासाठी सरकारी योजनेतून निधीही मिळाला. बाळासाहेबांनी मात्र सगळ्यांसमोर मला अट घातली.

"म्याडम, चैत्रात आमच्या देवीची यात्रा. पालखी वेशीतनं आत येती. त्या दिवशी येस उभी पायजे. नसंल तर मी शिमिटाची उभी करनार. मंग मला कुनी बोलायचं न्हाई."

"जशी होती तशी उभी करून देईन," मी म्हणाले.

माइकवर म्हणाले. धंद्यात एवढी वर्षं काढलेल्या बाईनं माइकवर शब्द देऊ नये.

दगडी बांधकाम सोडवायची पद्धत सोपी आहे. वरून एकेक दगड काढायचा, त्याला नंबर द्यायचा, तोच नंबर ड्रॉइंगवर लिहायचा आणि ओळीनं मैदानात मांडायचा. बांधताना उलट क्रम. आमच्या क्षेत्रात एक पवित्र नियम आहे: जुन्या दगडावर कायमची खूण करायची नाही. धुऊन निघेल असाच रंग वापरायचा. मी नियमाची फार पक्की. दसऱ्यानंतर वेस उतरवली, स्वच्छ केली, पातळ चुन्यानं सुंदर नंबर घातले आणि अवकाळी पावसाच्या भीतीनं वर ताडपत्री टाकली. पावसाचा बंदोबस्त केला होता. उटण्याचा कोण करतो?

गावाची रीत मला कुणी सांगितली नव्हती. नरक चतुर्दशीला गावात पहिली आंघोळ वेशीची. तिला तेल-उटणं लावून ऊन पाणी घातल्याशिवाय गावात कुणी अंगावर पाणी घेत नाही. यंदा वेस उभी नव्हती, मैदानात सुटी पडली होती. म्हणून काय तिला पारोशी ठेवायची? बायकांनी पहाटे ताडपत्री काढली आणि एकेका दगडाला न्हाऊ घातलं. मग तरुण मंडळाच्या पोरांनी दगड पुन्हा नीट लावून ठेवले. शाळेच्या फोटोला पोरं उभी करतात तसे. लहान पुढे, मोठे मागे.

म्हणजे नंबर गेले आणि क्रमही गेला. मी सरांना फोन लावला. सर म्हणजे आमच्या फर्मचे मालक, पुण्यात एसीत बसणारे.

"सर, नंबर गेले."

"किती दगडांचे?"

"सगळ्या."

"पाऊस झाला का तिकडे?"

"नाही सर. उटणं."

मग सर म्हणाले, "लेझर स्कॅन करायला हवं होतं."

"त्याचं बजेट तुम्हीच कापलंत, सर."

"तो विषय वेगळा आहे. फोटो आहेत ना?"

फोटो होते. बाहेरच्या बाजूचे उत्तम होते. त्यावरून बाहेरचे दगड लागले. कमानीचंही जमलं, कारण कमानीचे दगड पाचरीसारखे असतात, प्रत्येकाचा उतार जरा वेगळा, मोजून लावता येतात. सगळ्यात वर मधोमध बसतो तो कीस्टोन. तो बसला की सगळी कमान एकमेकांना दाबून उभी राहते. तोही सापडला. घोडं अडलं बोळाच्या दोन आतल्या भिंतींपाशी. तिथं अंधार, वर वर्षानुवर्षांचं तेल आणि काजळी. माझ्या फोटोत त्या दोन भिंती म्हणजे नुसता काळा फळा होता. दगडांमधला सांधासुद्धा दिसत नव्हता.

मी पुन्हा फोन केला. सर वैतागले.

"अगं, आतल्या भिंती कशाही बसव. थराची उंची जुळली म्हणजे झालं. कोण हात लावून बघतंय?"

मला ते पटलं नाही. पण यात्रा जवळ येत होती आणि दुसरा उपाय सुचत नव्हता. आमच्या गवंड्यांनी, नामदेव मिस्त्रींनी, चुना मळला आणि आत शिरताना उजव्या हाताला लागते ती भिंत चढवायला घेतली. मिस्त्रींचं काम देखणं. भिंत छातीपर्यंत आली तेव्हा मी ओळंबा लावून बघितला. एका सुताचा फरक नाही. मनात म्हटलं, सर बरोबर होते.

त्या दुपारी कांद्याची लागवड करून परतणाऱ्या चार-पाच बायका बोळात शिरल्या. पुढे सुमनकाकू. साठीच्या पुढच्या, अंगानं काटक. त्यांचा मुलगा गेल्या निवडणुकीत बाळासाहेबांच्या विरोधात उभा होता आणि थोडक्यात पडला होता, त्यामुळे काकू गावात विरोधी पक्षनेत्यासारख्या वागायच्या. त्यांनी चिखलाचा हात पदराला पुसला आणि भिंतीवर तळवा टेकवला. मग शेजारी टेकवला. मग जरा वर.

"ही कुनाची येस हाय, म्याडम?"

"तुमचीच की, काकू."

"आमची न्हाई. दिसाया तशीच हाय. पर हाताला लागंना."

बाकीच्या बायकांनीही हात लावून बघितले आणि माना हलवल्या. नामदेव मिस्त्रींनी थापी खाली ठेवली. कोण हात लावून बघतंय, असं सर म्हणाले होते. इथं अख्खी रांग लागली होती.

तेव्हा मला गावाची दुसरी रीत कळली. ह्या गावात नवी सून आली की वरात वेशीशी थांबते. सून बोळात शिरताना उजव्या हाताच्या भिंतीवर हळदीचा पंजा उमटवते. एका दगडावर एकच बाई. दुसरीच्या दगडाला हात लावायचा नाही. तो दगड मग जन्मभर तिचा. दिवाळीला त्याला तिनंच तेल लावायचं. ती गेली तरी दगड तिचाच राहतो, दुसरीला देत नाहीत. हातापुढचे सोयीचे दगड जुन्या बायकांनी कधीच अडवले होते. अलीकडच्या सुनांना एक तर टाचा उंचावून लावावा लागायचा, नाहीतर शालू सावरत पायाशी वाकून.

"म्हणजे तुम्हाला तुमचा दगड ओळखता येतो?" मी विचारलं.

"आता काय बाई! सोताचं पोर वळखू येत न्हाई व्हय?"

"मग मैदानात सगळे एकत्र पडले होते तेव्हा?"

"तवा बी वळखला. आपापल्याला पयली आंगुळ घातली. मंग बाकीच्यांनी काय पाप केलं, म्हनून त्यांना बी घातली."

"अहो काकू, मग मला आधी सांगायचं!"

"तुमी इचारलंच न्हाई. तुमी नंबर गेला, नंबर गेला म्हनून कपाळ बडवीत हुता. आमाला वाटलं, नंबरच लई म्हत्त्वाचा आसंल."

मी कपाळाला हात लावला. दुसऱ्यांदा.

एवढ्यात बातमी ऐकून बाळासाहेब बुलेटवर आले. एक फोन कानाला, दुसरा हातात. भिंत बघितली, बायका बघितल्या आणि हसले.

"मी काय म्हनत हुतो? एकदा सुटलं की सुटलं. म्याडम, तुमी मनाला लावून घिऊ नका. कमानीचं डिझाइन माझ्याकडं तयार हाय. व्हॉट्सॲप करू का?"

"यात्रेपर्यंत वेळ आहे ना?" मी म्हणाले.

"हाय की. पर भित्त परत पाडावी लागंल का न्हाई?"

पाडावी लागली. चुना ओला होता म्हणून दगड सुखरूप निघाले. नामदेव मिस्त्री दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. जेवायला बसायचे तेही पाठ करून.

मग मी एक गोष्ट केली जी कुठल्याच पुस्तकात नाही. मैदानात फक्कीनं एक मोठी चौकट आखली. तळाला बोळाची फरशी, वर कमान कुठं सुरू होते ती रेघ. म्हणजे उजवी भिंत जमिनीवर आडवी झोपवलेली. गावात दवंडी दिली: ज्या बायकांचा वेशीत दगड आहे त्यांनी येऊन तो ओळखावा आणि आपल्या जागेवर उभं राहावं. पोरं दगड उचलून नेणार.

मला वाटलं होतं, सकाळभरात उरकेल. मी माहेरी-सासरी दोन्हीकडं वावरलेली बाई असून मला असं कसं वाटलं, देव जाणे.

पहिलं भांडण दोन सख्ख्या जावांचं झालं. एकाच दगडावर दोघींनी हात ठेवला.

"माझा हाय. कडंला टवका हाय, बघा."

"टवका माझ्या दगडाला हाय. तुझा त्याच्या खालचा."

"वरचा कसा? तू माझ्यापरीस बुटकी. तुझा हात वर पोचंल का?"

"लग्नात मी उंच टाचंच्या चपला घातल्या हुत्या!"

हे म्हटल्यावर सगळं मैदान हसलं. थोरली जास्तच हसली, म्हणून धाकटी रुसून शाळेच्या पायरीवर जाऊन बसली. इथं मात्र माझी टेप कामाला आली. भिंतीत प्रत्येक थराची उंची वेगळी असते. खालचे थर जाड, वर जातील तसे बारीक. मी दोघींचा थर विचारला, दगड मोजला. टवक्याचा दगड जाड थरातला निघाला, म्हणजे खालचा, म्हणजे थोरलीचा. धाकटीचा त्याच्यासारखाच टवका असलेला बारीक दगड चार हातांवर पडला होता. तिनं त्यावर तळवा ठेवला आणि गुपचूप जागेवर जाऊन उभी राहिली. थोडा वेळ थांबून मात्र म्हणाली, "मी सांगत हुते का न्हाई, वरचा म्हनून?"

वरचा म्हणाली होती खरी, पण हात थोरलीच्या दगडावर ठेवून. मी तिचं नाव लिहून घेतलं.

पुढं पुढं सूर लागला. एक बाई सांगायची, "मी वत्सलाच्या वर, रखमाच्या उजव्या अंगाला." रखमाबाई सांगायच्या, "आन मी कोपऱ्यापासनं दुसरी." मी लिहून घ्यायचे, टेपनं थर तपासायचे, पटत नसेल तर पुन्हा विचारायचे. सासूच्या डोक्यावर सून आली की तिथं अर्धा तास जायचा. नागापूरच्या एमआयडीसीत क्वालिटी चेकिंगला जाणारी पूजा, गावातली सगळ्यात नवी सून, सुट्टी टाकून आली होती. तिचा दगड तळाच्या थरातला. "वाकून लावला तर फोटोग्राफर म्हणाला, वहिनी, फोकस नाही आला, परत," ती सांगत होती. "मी परत नाही लावला. मग मला दोन झाले असते ना?"

जिवंत बायकांचे दगड लागले की मधली भोकं दिसायला लागली. ती गेलेल्या बायकांची. त्यांच्या शेजारणी ती भरायच्या. "हितं द्वारकामावशी. तिचा दगड गुळगुळीत हुता, हाताला गार लागायचा." मग चार-पाच जणी दगडांवरून हात फिरवत हिंडायच्या आणि द्वारकामावशी सापडायच्या. त्या वेळी कुणी भांडत नव्हतं. मी जरा लांब जाऊन पाणी प्यायले. उगाच. तहान लागली नव्हती.

डावी भिंत पुरुषांची होती, तिला खाली बसायला कट्टा. तिथं रीतभात काही नाही, नुसती बैठक. त्यांना बोलावलं तर भिकानाना म्हणाले, "मी डोस्कं टेकून झोपायचो तो दगड माझा." कुठला, ते त्यांना सांगता येईना, कारण ते झोपलेले असायचे. शेवटी त्यांना एकेका दगडाला टेकवून बसवलं. एका दगडाला टेकल्यावर ते घोरायला लागले. मिस्त्रींनी तो दगड पक्का केला. बाकीची भिंत कोयते घासल्याच्या खाचा आणि काड्या ओढल्याच्या रेघा बघून मिस्त्रींनी आणि मी लावली. पुरुषांच्या भिंतीची तक्रार आजवर कुणी केलेली नाही.

बाळासाहेब रोज एक चक्कर मारायचे. बुलेट लांब उभी करायची, फोनवर बोलायचं आणि तिरक्या डोळ्यानं उजवी भिंत बघायची. एका दुपारी सगळे जेवायला गेल्यावर ते माझ्याजवळ आले. घसा खाकरला.

"म्याडम, एक इचारायचं हुतं. प्रायव्हेट हाय."

"विचारा."

"आईचा कुटला असंल?"

त्यांची आई ते दहावीत असताना गेली होती. बहीण नाही. बायकोला स्वतःचा दगड, तिनं सासूला बघितलेलंही नाही. यंदाची सरसकट आंघोळ सोडली तर वीस-बावीस दिवाळ्या त्या दगडाला घरच्या कुणी तेल लावलं नव्हतं. आणि त्या भिंतीवर ह्या माणसानं हौसेनं फ्लेक्सचे खिळे ठोकून घेतले होते.

"मला कसं कळणार?" मी म्हणाले. "सुमनकाकूंना विचारा. जुन्यांतल्या त्याच."

"त्या विरोधी पार्टीच्या हायेत."

"मग राहू द्या. सिमेंटच्या कमानीत काही प्रश्नच येणार नाही."

मी हे मुद्दाम बोलले. मला त्याचा रागही आला होता आणि दयाही. बाळासाहेब निघून गेले. दुसऱ्या दिवशी मात्र बायका मैदानात असताना चालत आले. बुलेटशिवाय. सुमनकाकूंसमोर उभे राहिले.

"काकू, आईचा दगड दावा."

काकूंनी पदर खोचला, कंबरेवर हात ठेवले.

"सरपंच, त्या शिमिटाच्या कमानीत आईला कुटं बशिवनार हुतास?"

बाळासाहेबांनी खाली बघितलं. गावात त्यांना अरे-तुरे करणारं आता फारसं कुणी उरलं नव्हतं.

"चुकलं," ते म्हणाले.

"मोठ्यानं म्हन. इतक्या मोठ्यानं माइकवर बोलतोस की."

"चुकलं, काकू!"

काकूंचा आवाज मग एकदम खाली आला. "माझ्या डाव्या अंगाला हाय ती. आमी दोघी एकाच म्हैन्यात आलो. मी आधी. ती आली तवा लई घाबरल्याली. हळदीचा हात तसाच वर धरून उभी. मला इचारलं, कुटं लावू? मी म्हनलं, माझ्या शेजारी लाव, जागा हाय."

काकू दगडांच्या ढिगाकडं गेल्या, दोन-तीन चाचपले आणि एका मध्यम दगडापाशी थांबल्या. दिसायला काही विशेष नाही. खालच्या कोपऱ्यात खिळ्याचं भोक होतं. मी टेप लावली. थर जुळत होता.

बाळासाहेबांनी त्यावर हात ठेवला आणि तसेच बसून राहिले. खिशातला फोन वाजला. त्यांनी न बघता कट केला. दुसरा वाजला, तोही कट केला. ह्या माणसाला फोन कट करताना मी पहिल्यांदा बघत होते, आणि खरं सांगते, मला रडू आलं. मग सुमनकाकू म्हणाल्या, "ऊठ आता. कामं खोळंबल्यात," आणि ते उठले.

त्यानंतर शिमिटाच्या कमानीचं नाव निघालं नाही. पण माझा त्रास संपला असं वाटत असेल तर तुम्ही सरपंच ही चीज ओळखत नाही. बाळासाहेबांनी ऑनलाइन एक लेव्हल-पट्टी मागवली. सकाळी आठला हजर.

"म्याडम, आईचा दगड येक सूत डावीकडं वाटतोय."

"नाही हो."

"काकूचा सरकलाय का मंग?"

"कुणीही सरकलेलं नाही."

"चुना कमी पडलाय का त्याच्यामागं? मिस्त्री, जरा भरून घ्या."

नामदेव मिस्त्री, जे आता माझ्याशी बोलायला लागले होते, मला म्हणाले, "म्याडम, हे शिमिटवाले हुते तवाच बरं हुतं."

गुढीपाडव्याच्या आत दोन्ही भिंती उभ्या राहिल्या. मग कमान. कमान बांधताना खाली लाकडी सांगाडा द्यावा लागतो, त्याला आम्ही सेंटरिंग म्हणतो. त्याच्यावर दगड रचत जायचे, शेवटी कीस्टोन ठोकायचा आणि चुना धरला की सेंटरिंग काढायचं. काढायच्या दिवशी मी प्रत्येक सांधा नेहमी पुन्हा स्वतः तपासते. कितीही हिशेब केलेला असो, खालचा आधार निघतो तेव्हा कमान एकटी असते. त्या दिवशी अख्खं गाव जमलं होतं. मिस्त्रींनी पाचरी ढिल्या केल्या, लाकूड खाली आलं. कमानीनं बारीकसा आवाज केला आणि ती शांत झाली. टाळ्या सुरू झाल्या, पण सुमनकाकूंनी हात वर करून त्या थांबवल्या.

"थांबा. अजून लावून बघितलं न्हाई."

बायका एकेक करून बोळात शिरल्या. जिचा दगड तिचा हात. टाचा उंचावून, वाकून, एकमेकींच्या अंगावरून. पूजा तर पायाशी उकिडवी बसली. सगळ्यात शेवटी काकू. त्यांनी उजवा तळवा स्वतःच्या दगडावर ठेवला आणि डावा शेजारच्या.

"व्हय," त्या म्हणाल्या. "हीच."

पासष्ट पानांचा कम्प्लिशन रिपोर्ट मी नंतर लिहिला. खरा त्याच दिवशी मिळाला होता.

यात्रेला पालखी वेशीतून आत आली. सर पुण्याहून खास आले, त्यांचा सत्कार झाला, त्यांनी भाषणात 'लोकसहभागातून डॉक्युमेंटेशनची अभिनव पद्धत' असं काहीतरी म्हटलं. जणू उटण्याची आयडिया त्यांचीच. मी पुरणपोळी खाल्ली.

बाळासाहेबांचा वाढदिवस मे महिन्यात. पूजानं मला फोनवर सांगितलं ते असं: फ्लेक्सवाला सवयीनं शिडी आणि खिळे घेऊन वेशीपाशी आला. सरपंचांनी स्वतः त्याला शिडीवरून खाली उतरवलं. दुसरीकडं कुठं लावू, असं त्यानं विचारलं, तर म्हणाले, लाव कुठंही. शेवटी फ्लेक्स त्यांच्या गोठ्यावर लागला. त्या वर्षी त्यांना वाढदिवसाच्या शुभेच्छा मुख्यतः म्हशींकडून मिळाल्या.

दिवाळीला पहाटे मात्र ते तेलाची वाटी घेऊन वेशीत आले होते. बायकांच्या रांगेत, सुमनकाकूंच्या मागं. पुरुषानं तेल लावायची रीत नाही, म्हणून दोघी-तिघी कुरकुरल्या. काकू म्हणाल्या, "लावू द्या. लई दिवस कोरडी हाय ती."

दगडावर कायमची खूण करू नये, हा नियम मी अजूनही पाळते. नंबर धुऊन निघणाऱ्या रंगानंच घालते, फक्त आता मागच्या बाजूला. आणि नवीन साइट मिळाली की ड्रॉइंग, फोटो, बजेट ह्या सगळ्याच्या आधी गावकऱ्यांना एक प्रश्न विचारते. ते माझ्याकडं चमत्कारिक नजरेनं बघतात, पण मी उत्तर मिळाल्याशिवाय कामाला हात लावत नाही. "तुमच्याकडे दिवाळीला आंघोळ कुणाकुणाला घालतात?"